गोरख गेला त्या वर्षीची लावणी

"उशीर का झाला, तेवढं सांगा काका. बाकीचं मी लिहिते."

वकीलबाईंनी हे तिसऱ्यांदा विचारलं, तेव्हा कोंडिबानं डोक्यावरची टोपी काढली, गुडघ्यावर झटकली आणि पुन्हा होती तशी डोक्यावर ठेवली. नसरापूरच्या बाजारात खताच्या दुकानावरची ही खोली. खाली वडापच्या जीपवाले वेल्ह्याच्या गिऱ्हाइकांसाठी गळा ताणत होते. कोंडिबाची पिशवी त्याच्या पायापाशी होती. तिच्यात खालच्या कोर्टाच्या निकालाची नक्कल होती आणि बायकोनं, सगुणाबाईनं, फडक्यात बांधून दिलेली भाकरी होती.

वकीलबाईंचं नाव शेफाली. वयानं कोंडिबाच्या लेकीएवढ्या, पण बोलणं समजुतीचं. त्या कॉम्प्युटर सोडून त्याच्याकडे वळून बसल्या.

"हे बघा काका, निकाल लागला जूनच्या सुरुवातीला. अपील करायला महिन्याची मुदत होती. तुम्ही आलात गौरी-गणपती उरकून. आता नुसतं अपील देऊन भागत नाही, सोबत विलंब माफीचा अर्ज द्यावा लागतो. कोर्ट उशीर माफ करतं, करत नाही असं नाही. पण कारण लागतं. पटण्याजोगं, आणि शपथेवर."

"आन् न्हाई पटलं तर?"

"तर अपील दारातूनच परत. तुमची बाजू खरी का खोटी, ते कुणी बघणारसुद्धा नाही. खाचरं नाथाजींची."

खाचरं म्हणजे ओढ्याकाठची भाताची दोन खाचरं. वेल्ह्याच्या पुढं डोंगराच्या पोटात कोंडिबाची वाडी. बाकीची जमीन सगळी चढाची, नाचणी-वरईच्या लायकीची. घरात भात शिजायचा तो या दोन खाचरांच्या जिवावर. बापानं जाताना दोन्ही पोरांना समोर बसवून तोंडी वाटणी करून दिली होती. थोरल्या कोंडिबाला ओढ्याकाठची, धाकट्या नाथाला देवळामागची. पण सातबाऱ्यावर ओढ्याकाठचीही नाथाच्याच नावावर लागली, कारण त्या काळी तलाठ्याकडे हेलपाटे घालायचं काम नाथाचं होतं आणि भाऊ एका ताटात जेवत असताना कागद बघतो कोण? पुढं कोंडिबानं आणि सगुणाबाईनं पाठीवर दगड वाहून त्या खाचरांचे बांध रचले. केस पांढरे झाले तरी कुणी हरकत घेतली नाही. मग वाडीपर्यंत डांबरी रस्ता आला, ओढ्याच्या पाण्याकडे बोट दाखवत पुण्याची माणसं गाड्यांतून उतरू लागली, आणि नाथाच्या धाकट्या पोरानं, पप्पूनं, सातबारा उघडून बापापुढं धरला. कोर्टानंही कागदच बघितला.

तर उशिराचं कारण. ते कोंडिबाला चांगलं ठाऊक होतं. त्या कारणाचं नाव होतं गोरख.

"भावाच्या घरी मयत झालं हुतं," तो शेवटी म्हणाला.

"कोण गेलं?"

"पुतन्या. थोरला. सारोळ्याच्या पुलाजवळ टेम्पोनं उडवला."

"कधी?"

"निकाल लागला, त्याच्या पुढच्याच आठवड्यात."

वकीलबाईंचा चेहरा खुलला. दुष्टपणानं नव्हे. अडलेली वाट सापडली की कुणाचाही खुलतो, तसा. "अहो, मग हे आधी नाही का सांगायचं? हे तर चांगलं कारण आहे काका! मृत्यूचा दाखला जोडू, तुमच्या घरातला शोक, सुतक, सगळं व्यवस्थित लिहू."

चांगलं कारण.

नाथाशी बोलणं बंद झालं होतं तेव्हासुद्धा गोरख रोज सकाळी मोटारसायकल घेऊन कोंडिबाच्या दारात उभा राहायचा. आपल्या घरची दुधाची किटली एका अंगाला, थोरल्या आबांची दुसऱ्या अंगाला. "कोर्टाचं कोर्टात, आबा," म्हणायचा, "दुधानं काय घोडं मारलंय?" निकाल विरुद्ध गेला त्या दिवशीही तो आला होता. किटली अडकवता अडकवता खाली मानेनं बोलला होता, "तुमी अपील करा. मुदत घालवू नका. तवर म्या बापाला वळवतो. वळंल त्यो, मनानं वाईट न्हाई." त्यानंतर सहाव्या की सातव्या दिवशी कोंडिबानं त्याला खांदा दिला.

"त्ये लिवू नगा," कोंडिबा म्हणाला.

"का?"

"पोराचं मयत माज्या खाचरापायी कोर्टात न्हेऊ? आन् ते बी त्याच्या बापाच्या विरुद?"

"काका, खोटं थोडंच सांगतोय आपण?"

"खरं हाय म्हनूनच नगं."

वकीलबाईंनी पुष्कळ समजावलं. कोर्टात रोज कुणाकुणाचे मृत्यू सांगितले जातात, त्यात कमीपणा नाही, म्हणाल्या. कोंडिबा ऐकत राहिला आणि मान हलवत राहिला. अखेर त्या थकल्या.

"मग दुसरं काय लिहू? कोरा कागद तर देता येत नाही."

"आजारी हुतो म्हना."

"होतात का?"

आषाढात भिजून दोन दिवस ताप आला होता खरा. आरोग्य केंद्रातून गोळ्या आणल्या होत्या, त्याचा कागदही घरात होता. "व्हय," तो म्हणाला. "हिवताप."

"दोन-अडीच महिने?"

"उठवत न्हवतं."

"हे शपथेवर आहे काका."

"म्हाईत हाय."

उभ्या जन्मात कोंडिबानं दुधात पाणी घातलं नव्हतं. खोटं बोलायची सवयच नसली की माणसाला ते नेमकं कुठं बोलावं, हेही कळत नाही. टेबलावर झुकून त्यानं सावकाश, एकेक अक्षर जोडत सही केली आणि पिशवी उचलून तो वडापकडे निघाला.

खरं सांगायचं तर त्या आषाढात तो जितका धडधाकट होता तितका आधी-नंतर कधी नव्हता.

गोरख गेला तेव्हा नाथाच्या घरचा तरवा लावणीला आला होता. भाताचं रोप माणसाच्या दुःखासाठी थांबत नाही. हाताबाहेर वाढलं की वर्षाचं पीक गेलंच. नाथा भिंतीकडे तोंड करून पडून होता. धोंडाबाई, नाथाची बायको, चुलीपुढं बसायची आणि चूल पेटवायचं विसरायची. पप्पूला शिवऱ्याकडच्या कंपनीतून सुट्टी मिळेना. तेराव्यानंतर दुसऱ्या दिवशी झुंजूमुंजू व्हायला कोंडिबानं आपली बैलं सोडली आणि कुणाला न विचारता नाथाच्या देवळामागच्या खाचरात चिखलणी धरली.

सगुणाबाई दारातून ओरडली होती, "आवं, आधी नसरापूरला जावा! वकील गाठा, कागद टाका, आन् मग तुडवा लोकाचं खाचर!"

"लोकाचं न्हाई," तो म्हणाला होता. "गोरखचं हाय."

थोड्या वेळानं पदर खोचून, डोक्यावर इरलं घेऊन तीही आली आणि तरव्यातलं रोप उपटायला बसली.

चार-पाच दिवस दोघंच होती. मग भावकीतली माणसं आली. दुपारी धोंडाबाई भाकरी घेऊन बांधापर्यंत यायची. थोरल्या दिराशी ती लग्न झाल्यापासून तोंडावर कधी बोलली नव्हती, तशी रीत नव्हती. टोपली बांधावर ठेवायची आणि खाचराकडे पाठ करून उभी राहायची. एके दिवशी तशीच पाठमोरी म्हणाली, "जेवून घ्या म्हनावं. हातातलं ऱ्हाऊ द्या." कोंडिबा जेवला. गोरख गेल्यावर त्या घरचं ते पहिलं अन्न. घशाखाली उतरताना त्याचे डोळे भरून आले आणि त्यानं ते पावसाच्या पाण्याबरोबर पुसून टाकले.

मुदत त्याच दिवसांत कधीतरी संपली. कोंडिबाला ती आठवत नव्हती असं नाही. पण ज्या घरची भाकरी खाल्ली, त्या घरावर संध्याकाळी अपील कसं घालायचं? शिवाय वाडीची चाल होती. मयताच्या घराशी पहिला मोठा सण निघेपर्यंत कुणी वाद काढायचा नाही. भावकीनं सणाला आपल्या घरची पुरणपोळी नेऊन त्या घराचं तोंड गोड करायचं, मग दुखवटा उठला. गौरीच्या जेवणाला सगुणाबाईनं पोळ्या नेल्या, नाथानं कोंडिबासमोर एक घास खाल्ला. गौरी उठल्यावर दोन दिवसांनी कोंडिबानं नसरापूरची वाट धरली. चालीप्रमाणं तो एक दिवसही लवकर गेला नव्हता, आणि त्याच्या लेखी उशिराही नव्हता.

अर्ज वर्षभर पडून राहिला. मध्ये एकदा भात निघालं, दुसऱ्यांदा लावलं. नाथा ताबा मागायला आला नाही. वाटेत गाठ पडली तर दोघं भाऊ पावसापाण्याचं बोलायचे. पप्पू मात्र सुट्टीच्या दिवशी परक्या माणसांना घेऊन ओढ्यावर फिरताना दिसायचा. एकदा धोंडाबाई सगुणाबाईला म्हणाली होती, गोरख असता तर दोघांना एका ठिकाणी बसवलं असतं त्यानं.

भादव्याच्या शेवटी पुण्याच्या कोर्टात तारीख लागली.

समोरच्या बाकावर नाथा बसला होता. धुतलेली टोपी, खांद्यावर उपरणं, शेजारी पप्पू. नाथानं कोंडिबाकडे बघून ओळखीची मान हलवली. वर्षभरात तो फार वाळला होता. त्याच्या वकिलानं उठून आपलं म्हणणं वाचायला सुरुवात केली. मराठीच होतं, पण कोर्टाचं. कोंडिबाला आधी तो आपल्याविषयी वाचतोय हेच उमगलं नाही.

"अर्जदार सदर कालावधीत आजारी असल्याचे कथन धादांत खोटे आहे. सदर कालावधीत जाबदाराचा मुलगा गोरख अपघातात मयत झाला. अर्जदार हा अंत्यविधीस हजर होता. त्यानंतर अर्जदाराने स्वतःची बैले आणून जाबदाराच्या देवळामागील शेतात चिखलणी केली, व तो आषाढ महिनाभर भाताची लावणी करीत होता. अर्जदार शरीराने सुदृढ होता. वाडीतील साक्षीदारांची प्रतिज्ञापत्रे सोबत जोडली आहेत."

आपण जे इथं येऊ नये म्हणून खोटं बोललो, ते आलंच की, एवढंच कोंडिबाच्या मनात आलं. गोरखचं नाव कुणीतरी कोर्टात वाचून दाखवलं होतं.

शेफालीबाई त्याच्याकडे वाकल्या. "काका, तुम्ही लावणी करत होतात? त्यांच्या शेतात? हे मला का नाही सांगितलंत? आता साहेब विचारतील. आता तरी खरं सांगा."

न्यायाधीशांनी चष्मा वर केला. माणूस सौम्य होता. "आजोबा, उभे राहा. तुम्ही यांच्या शेतात लावणी केलीत का?"

"केली जी."

"मग आजारी नव्हतात?"

"दोन दिस ताप हुता, साहेब."

"दोनच दिवस. बरं. मग एवढे दिवस अपील का केलं नाही?"

कोंडिबानं नाथाकडे बघितलं. नाथानं उपरण्याचं टोक तोंडाशी धरलं होतं, गोरखचं नाव वाचलं गेलं तेव्हापासून. सांगायला दोन वाक्यं पुरली असती. तुज्या पोराच्या दुःखात म्या वाद काढला न्हाई, आता तू माजी खाचरं दे. दोन वाक्यं, आणि पोराला दिलेल्या खांद्याची मजुरी बापाकडे मागितल्यासारखं झालं असतं.

"ऱ्हायलं, साहेब," तो म्हणाला.

"राहिलं म्हणजे?"

"ऱ्हायलंच."

शेजारचा कारकून मान वर करून बघू लागला. न्यायाधीशांनी हुकूम सांगायला घेतला. उशिराचं पुरेसं कारण दाखवलेलं नाही, शपथेवर सांगितलेलं कारण खोटं निघालं, सबब अर्ज नामंजूर. पुढचं प्रकरण पुकारलं गेलं.

पायऱ्यांवर वकीलबाई म्हणाल्या, "याच्यावर हायकोर्ट आहे काका. खरं कारण घेऊन जाऊ. मी बोलते कुणाशी तरी."

"वर जाऊन काय सांगायचं बाई? त्यांनी लिवलेलं खोटं हाय म्हनून? समदं खरं हाय त्ये." मग त्याला वाटलं, पोरीला उगाच लागेल. "तुमी लई केलंत. म्याच फशिवलं तुमास्नी."

स्वारगेटला वेल्ह्याची एसटी लागली होती. पप्पू मोटारसायकलवरून परस्पर कंपनीत गेला होता. कोंडिबा चढला तर गाडीत एकच जागा शिल्लक, नाथाच्या शेजारी. तो बसला. घाट उतरून गाडी हायवेनं पळू लागली, शिवरं मागं पडलं. नसरापूरला निम्मी गाडी रिकामी झाली. मागं पुढं जागा झाल्या, पण कोंडिबा उठला नाही.

"दादा," नाथा म्हणाला.

"बोल."

"म्या वाईट म्हनून न्हवतं सांगितलं." नाथा खालमानेनं सांगू लागला. "पप्पूनं त्या वकिलाकडं न्हेलं. त्यानं इचारलं, तुमचा भाऊ तवा अंथरुनाला खिळला हुता का? म्या म्हनलं, कोन, आमचा दादा? अवो, खिळलो हुतो म्या. दादानं आषाढभर माज्या खाचरात कंबर मोडून घेतली, तवा माज्या घरात भात आला. म्या समदं सांगितलं दादा. बैलं कवा आनली, वैनी कशी आली, समदं. वकील लिवून घ्यायला लागला. मला वाटलं, तुमचं चांगलं लिवतोय. म्याच म्हनलं त्याला, लिवा, लिवा."

कोंडिबा पुढच्या शिटाच्या दांडीकडे बघत होता.

"वरीसभर कुनाला सांगावंसं वाटत हुतं," नाथा म्हणाला. "पर कुनाला सांगनार? आपली केस चालू."

"खरं तेच सांगितलंस."

"मग तुमी का न्हाई सांगितलं? गोरखचं? तुमी उबं ऱ्हायला तवा म्या वाट बगत हुतो. म्हनलं, आता दादा बोलंल."

"त्याला कशाला आनायचा कोर्टात," कोंडिबा म्हणाला.

नाथानं खिडकीकडे तोंड फिरवलं. बाहेर गुंजवणी नदीचं पाणी दिसत होतं. त्याचे खांदे हलत होते आणि कोंडिबानं लहानपणी ठेवायचा तसा त्याच्या पाठीवर हात ठेवला. वेल्हं येईपर्यंत तो हात तिथंच होता. उतरायच्या आधी नाथा डोळे पुसून म्हणाला, "पप्पूनं खाचरांचा विसार घेतलाय दादा. पुन्याच्या पार्टीकडनं. माजं काय बी चालत न्हाई आता." कोंडिबानं मान हलवली. त्याला हे आधीच कळलं होतं.

वाडीच्या फाट्यावर दोघं वेगळे झाले. नाथा वरच्या वाटेनं घराकडे गेला. कोंडिबा सवयीनं ओढ्याच्या वाटेला लागला.

ऊन कलत होतं. दोन्ही खाचरांत भात पोटरीला आलं होतं. याच दिवसांत त्याच्या पायाशी पाणी हवं, नाहीतर दाणा भरत नाही, पळंज राहतं. कोंडिबा बांधावर उभा राहिला. यंदाचं पीक तेवढं घेऊ देतील. पुढच्या साली इथं कुणी तरवा लावणार नाही. बंगला होईल, कुंपण होईल. सगुणाबाईनं वाहिलेले दगड कुणीतरी उपटून बंगल्याच्या पायात घालील. त्याला मोठ्यानं रडावंसं वाटलं आणि रडू आलं नाही.

मग त्याला आवाज आला. खालच्या खाचराच्या बांधातून पाणी झिरपत होतं. तो खाली उतरला, गवत बाजूला केलं. खेकड्यानं बांध आरपार पोखरला होता आणि खाचराचं पाणी त्या भोकातून ओढ्याला चाललं होतं. वरचा चिखल नुकताच उघडा पडायला लागला होता.

सगुणाबाई घरातून त्याला बघून आली होती. ती बांधावर थांबली. "काय म्हनलं कोर्ट?"

कोंडिबानं मान वर केली नाही. "पानी चाललंय समदं," तो म्हणाला. "फावडं आन."

ती जागची हलली नाही. तिला कळलं होतं. एवढ्या वर्षांच्या संसारात त्याचा कुठला आवाज कशाचा, हे तिला कळायचं.

"आता कुनासाठी राखताय पानी?" ती म्हणाली.

त्यानं कोर्टासाठी घातलेलं धुतलं धोतर गुडघ्याच्या वर खोचलं, पायताण बांधावर काढून ठेवलं आणि तो खाचरात उतरला. दोन्ही हातांनी चिखल ओढून त्यानं भोकाच्या तोंडाशी लावला. पाण्यानं तो पुन्हा वाहून नेला. त्यानं पुन्हा लावला. थोड्या वेळानं सगुणाबाईनं घरातून आणलेलं फावडं वरून खाली आलं.

भोक बुजलं तरी तो लगेच वर आला नाही. ओल्या चिखलावर टाच दाबून, पलीकडचं झिरपणं थांबेपर्यंत तसाच उभा राहिला.